सरकारी वसुली आणि कोर्टाचं दार

मंडळी, वसुलीची सरकारी नोटीस घरी आली की आपल्याकडे दोन गोष्टी होतात. एक तर माणूस घाबरून इकडून तिकडून पैसे गोळा करतो, नाहीतर कागदाची घडी घालून कपाटात टाकतो. "सरकारशी कोण भांडणार?" हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय की त्याचं मूळ शोधावंसं वाटलं. शोधलं तेव्हा दिसलं की ही नुसती भीती नाही. एके काळी तो चक्क कायदा होता.

कलकत्त्याचं सुप्रीम कोर्ट कंपनीच्या महसूल वसुलीत लक्ष घालू लागलं, तेव्हा १७८१ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटने कायदा करून महसुलाचा विषय त्या कोर्टाकडून काढून घेतला. तोच विचार पुढे १९१५ च्या गव्हर्नमेंट ऑफ इंडिया अ‍ॅक्टच्या कलम १०६ मध्ये आला. महसूल आणि त्याच्या वसुलीबाबतचं मूळ प्रकरण हायकोर्टाने चालवायचं नाही, असं त्यात होतं. आपल्या मुंबई इलाख्यात तर १८७६ पासून वेगळा कायदाच होता. सारा जास्त आकारलाय, ही तक्रार दिवाणी कोर्टाने ऐकायची नाही. आणि १८७९ च्या जमीन महसूल कायद्याने कलेक्टरच्या हाती काय दिलं? नोटीस, जमीन सरकारजमा, जप्ती, लिलाव, अटक. म्हणजे मागणारा तोच, हिशोब करणारा तोच आणि वसूल करणाराही तोच.

आता बारडोली आठवा. सुरत जिल्ह्यातल्या या तालुक्याचा सारा सरकारने सुमारे २२ टक्क्यांनी वाढवला. फेब्रुवारी १९२८ मध्ये लढा सुरू झाला. नेते वल्लभभाई पटेल, स्वतः बॅरिस्टर! पण दावा लावायचा कुठे? आकारणीपुरतं कोर्टाचं दार बंदच होतं. शेतकऱ्यांची मागणी मोठी साधी होती: जुनाच सारा घ्या, नाहीतर निःपक्ष चौकशी करा. गुरंढोरं, भांडीकुंडी जप्त झाली, जमिनी लिलावात गेल्या, तरी लोक हटले नाहीत. गव्हर्नर लेस्ली विल्सन यांचा हेका होता, आधी पैसे भरा, मग चौकशी. ऑगस्टमध्ये तडजोड झाली आणि चौकशीला एक न्यायाधीश व एक महसूल अधिकारी नेमले गेले: ब्रूमफील्ड आणि मॅक्सवेल. हे तेच ब्रूमफील्ड, ज्यांनी १९२२ मध्ये गांधीजींना सहा वर्षांची शिक्षा सुनावली होती. शेतकऱ्यांची बाजू भुलाभाई देसाईंनी मांडली. वाढ ज्या खंडाच्या आकड्यांवर उभी होती, ते आकडेच भरवशाचे नाहीत, असं चौकशीत निघालं. २२ टक्क्यांची वाढ सहाच्या आसपास आली.

मला यात सगळ्यात मोठं वाटतं ते हे: बारडोलीच्या लोकांनी माफी मागितली नव्हती. सरकारचा हिशोब दुसऱ्या कुणीतरी तपासावा, एवढंच मागितलं होतं. आणि तो तपासला गेला तेव्हा चुकीचा निघाला.

१९५० मध्ये राज्यघटनेच्या कलम २२५ ने महसुलाबाबत हायकोर्टावर असलेलं जुनं बंधन काढलं. कलम २२६ ने रिटचा अधिकार दिला. कलम २६५ ने सांगितलं, कायद्याच्या आधाराशिवाय कर नाही. गंमत बघा, कलम २२५ मधली ती ओळ आणीबाणीत ४२ व्या दुरुस्तीने काढली गेली, आणि जनता राजवटीतल्या ४४ व्या दुरुस्तीने परत आली.

याचा अर्थ कोर्टात गेलं की जिंकलंच, असा नाही. १९६६ च्या आपल्या महसूल संहितेत नोटीस, जप्ती, लिलाव, अटक हे सगळं आजही आहे. अपिलाची सोय असेल तर हायकोर्टही बहुतेक वेळा "आधी तिथे जा" म्हणतं. खरं देणं असेल तर ते द्यावंच लागेल.

पण नोटीस आली तर ती कपाटात टाकू नका. मिळाल्याची तारीख लिहून ठेवा. रक्कम कशी काढली, कोणत्या कलमाखाली काढली, ते लेखी विचारा. अपिलाची मुदत वकिलाकडून समजून घ्या आणि ती चुकवू नका. हिशोब मागणं म्हणजे सरकारशी वैर नव्हे. बारडोलीकरांना त्यासाठी गुरं आणि जमिनी पणाला लावाव्या लागल्या. आपल्याला एक अर्ज लिहायचाय.