माथेरानपासून सिद्धगडापर्यंत

अंबरनाथ तालुक्यातले जांभूळ हे गाव पुष्कळांना ठाऊक आहे ते पाण्यामुळे. बारवी धरणाचे पाणी तेथील शुद्धीकरण केंद्रात येते आणि मग कारखान्यांकडे जाते. या गावात उभे राहून दक्षिणेकडे तोंड केले, की त्या अंगाला माथेरानचा डोंगर येतो. पूर्वेकडे वळले, की बारवीच्या रानापलीकडे, मुरबाड तालुक्यात, सह्याद्रीच्या मुख्य रांगेला लागून सिद्धगड आहे. एका डोंगरावर एक माणूस जन्मला आणि दुसऱ्याच्या पायथ्याशी तो पडला. त्याचे नाव विठ्ठल लक्ष्मण कोतवाल. सारा मुलूख त्यांना भाई कोतवाल म्हणतो.

आधी रानाबद्दल सांगतो. सिद्धगडाचा परिसर भीमाशंकर अभयारण्यात मोडतो. हे अभयारण्य 1985 साली जाहीर झाले. त्याचे क्षेत्र सुमारे 130 चौरस किलोमीटर असून ते पुणे, ठाणे आणि रायगड अशा तीन जिल्ह्यांत पसरले आहे. येथला मानकरी म्हणजे शेकरू. तांबूस अंगाची, झुपकेदार शेपटीची ही मोठी खार झाडाच्या शेंड्याकडे काटक्यापानांचे घरटे बांधते आणि सहसा जमिनीवर उतरत नाही. महाराष्ट्राने तिला राज्यप्राण्याचा मान दिला आहे. उतारांवर कारवी दाट वाढते. सात वर्षांनी एकदा ती फुलते, तेव्हा डोंगर निळाजांभळा होतो. पण गावकऱ्याला कारवी ठाऊक असते ती कुडासाठी. कारवीच्या काठ्या उभ्या बांधायच्या आणि वर शेणमातीचा गिलावा द्यायचा, की घराची भिंत झाली!

या रानातल्या वाटा कोणी सहलीसाठी पाडलेल्या नाहीत. कोकणातून मीठ वर देशावर जाई, देशावरचे धान्य खाली येई. आहुप्याच्या घाटाने, खांडसवरून भीमाशंकरला चढणाऱ्या शिडीच्या आणि गणेश घाटाने माणसे पिढ्यान्‌पिढ्या चालत आली. मोळीवाले, हिरडा वेचणारे, गुराखी, देवाला निघालेले भाविक, यांच्याच पायांनी त्या वाटा मळल्या. महादेव कोळी, ठाकूर, कातकरी हे येथले मूळचे वाटाडे. इंग्रजी अमलाविरुद्ध उठलेल्या राघोजी भांगरे यांच्या बंडालाही याच सह्याद्रीने आसरा दिला होता. 1848 साली त्यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आले.

पुढे इंग्रजांनी रानालाच कुंपण घातले म्हणा ना. 1878 च्या जंगल कायद्याने राखीव जंगले झाली आणि शेतकऱ्याचा राब अडचणीत आला. राब म्हणजे काय ते आपल्या शेतकरी बांधवांना सांगायला नको. शहरातून आलेल्या गुरुजींसाठी सांगतो. उन्हाळ्यात झाडांच्या फांद्या छाटायच्या, पालापाचोळा नि शेण पसरून रोपाची जागा भाजायची आणि पावसाच्या तोंडावर तेथे भाताचे बी टाकायचे. फांदी तोडायला बंदी, म्हणजे रोपाला बंदी! ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांतून इतकी ओरड झाली, की सरकारला 1885 साली चौकशीसाठी आयोग नेमावा लागला. रान गेले, जमीन सावकाराची झाली, आणि पावसाळ्यात खावटीसाठी त्याच सावकाराच्या दारी उभे राहायचे, अशी गत झाली.

ही गत भाई कोतवालांनी लहानपणापासून पाहिली होती. 1 डिसेंबर 1912 रोजी माथेरानला एका गरीब नाभिक कुटुंबात त्यांचा जन्म झाला. कष्टाने शिकून ते वकील झाले, माथेरान नगरपालिकेचे उपाध्यक्षही झाले. असा माणूस मुंबईत वकिली थाटून सुखाने राहू शकला असता. पण ते कर्जत आणि नेरळच्या खेड्यांतून पायी हिंडले, खंडाच्या भांडणात कुळांच्या बाजूने उभे राहिले. त्यांनी गावोगावी शाळा काढल्या आणि धान्यकोठ्या उघडल्या. धान्यकोठीचा हिशेब साधा असतो. सुगीला ज्याने त्याने आपला वाटा घालायचा आणि आषाढात कणगी रिकामी झाली की तेथून उचलायचे. सावकाराची पायरी चढावी लागत नाही. माझ्या मते कोतवालांची खरी थोरवी या कामात आहे. बंदूक पुढे आली. माणसांचा भरवसा त्याआधीच मिळाला होता.

1942 चा ऑगस्ट उजाडला. पुढारी पकडले गेले. कोतवालांनी भूमिगत होऊन आझाद दस्ता उभारला. मुंबईच्या गिरण्या नि आगगाड्या विजेवर चालत होत्या आणि ती वीज खोपोली, भिवपुरीकडून मोठमोठ्या मनोऱ्यांवरल्या तारांतून जात होती. दस्त्याची माणसे रात्री निघत, करवतीने मनोऱ्याचे पाय कापत आणि उजाडायच्या आत रानात दिसेनाशी होत. दस्त्यात मानिवलीचे गोमाजी पाटील आणि त्यांचा मुलगा हिराजी, दोघेही होते. बाप आणि लेक एकाच दस्त्यात! घरी मागे राहिलेल्या बायामाणसांनी ते महिने कसे काढले असतील, याची नोंद कोणत्याही दप्तरात सापडायची नाही.

पोलिसांचा ससेमिरा वाढला, तसा दस्ता सिद्धगडाच्या रानात सरकला. शेवटी पोलिसांना ठावठिकाणा लागला. 2 जानेवारी 1943 च्या पहाटे हॉल नावाच्या अधिकाऱ्याच्या हाताखालील तुकडीने त्यांना गाठले. त्या गोळीबारात हिराजी पाटील आणि भाई कोतवाल धारातीर्थी पडले. कोतवालांचे वय तेव्हा अवघे तीस होते.

त्या जागी आज स्मारक आहे. दर वर्षी 2 जानेवारीला पहाटेच्या अंधारात माणसे तेथे जमतात. एरवी गडावर पाहण्यासारखे म्हणाल तर दगडी दरवाजाचे अवशेष, कातळात खोदलेली पाण्याची टाकी, आणि शेजारी गोरखगड व मच्छिंद्रगडाचे सुळके.

शाळेची सहल न्यायची असेल तर गुरुजींनी बदलापूरहून बारवी धरणाच्या रस्त्याने म्हशाला जावे आणि तेथून नारिवलीची वाट धरावी. पावसाळ्यात कडा निसरडा असतो, मुलांना नेऊ नये. गडावर चढायचे तर गावातला वाटाड्या घ्यावा, आणि त्याची मजुरी आधी ठरवून ती पुरती द्यावी. 2 जानेवारीला जाणाऱ्यांनी रात्रीच पायथ्याशी पोहोचलेले बरे. थंडी कडाक्याची असते. घोंगडी बरोबर असू द्यावी. नसेल तर म्हशाची पौषी पौर्णिमेची जत्रा आहेच. बैलांइतकाच तेथला घोंगड्यांचा बाजारही नावाजलेला आहे.