शब्दवेध : लेम्बास

टोल्किन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या पहिल्या खंडात (१९५४) लोथलोरिएनचे एल्फ निघालेल्या पाहुण्यांना पानांत गुंडाळलेल्या पातळ वड्या देतात. बाहेरून तांबूस भाजलेल्या, आतून सायीच्या रंगाच्या. पाहुण्यांतला गिम्ली हा ड्वार्फ आधी साशंक असतो, मग एक कोपरा चाखून अख्खी वडी संपवतो आणि बेऑर्निंग लोकांच्या मधाच्या केकहून ती सरस ठरवतो. तिचं नाव लेम्बास.

टोल्किन यांनी घडवलेल्या सिंदारिन भाषेत 'लेन्न' म्हणजे प्रवास, 'बास्स' म्हणजे भाकर. दोन्ही जुळून, झिजून लेम्बास. मराठी कानाला इथे 'पाथेय' आठवावं: पथावर उपयोगी पडणारं ते पाथेय. लॅटिनमध्येही 'व्हिया' म्हणजे वाट, तिच्यावरून 'व्हियाटिकम': आधी वाटेचा शिधा, पुढे मृत्युशय्येवरच्या ख्रिस्ती माणसाला देतात तो प्रसाद.

मला मात्र खरी गोडी वाटते ती देणारीच्या नावात. लेम्बास राखण्याचा आणि देण्याचा मान एल्फ लोकांत राणीचा, म्हणून ती 'बेसाइन', भाकर देणारी. टोल्किन ऑक्सफर्डला जुनी इंग्रजी शिकवत. त्या भाषेत 'लेडी'चं मूळ रूप 'भाकरीची कणीक मळणारी' असं आहे, आणि 'लॉर्ड' म्हणजे भाकरीचा राखणदार! रचलेल्या शब्दामागे खरी भाषा अशी उभी असते.

टोल्किन यांच्याच दुसऱ्या एका कथेत अशीच एक भाकर देणारी राणी आहे, मेलियान. तिने बेलेग या एल्फ योद्ध्याला दिलेल्या लेम्बासच्या दोऱ्यांच्या गाठींवर तिची मोहर होती, पांढऱ्या मेणाची, एका फुलाच्या आकाराची.