देवपण उतरल्यावर

नवरात्र आलं की पुण्यात घरोघरी आपण कुमारिका पूजतो. शेजारच्या मुलीचे पाय धुतो, कुंकू लावतो, गजरा माळतो, जेवू घालतो, हातावर दक्षिणा ठेवतो. संध्याकाळी तीच मुलगी मैत्रिणींबरोबर लंगडी खेळायला पळते. तिचं देवीपण एका दिवसाचं.

काठमांडूत ते वर्षानुवर्षं चालतं. तिथे नेवार समाजातल्या शाक्य घराण्यांतून दोन-चार वर्षांची मुलगी निवडतात. घराणं बौद्ध, पण हिंदू तिला तळेजू देवी मानतात. १७५७ साली जयप्रकाश मल्ल राजाने बांधलेल्या कुमारी घरात ती राहते. बाहेर तिचे पाय जमिनीला लागू देत नाहीत. इंद्रजात्रेत तिचा रथ निघतो. पहिली पाळी आली की देवी तिला सोडून गेली असं मानतात आणि ती घरी परतते.

पुढे काय? रश्मिला शाक्य चौथ्या वर्षी कुमारी झाल्या, १९९१ मध्ये घरी आल्या. शाळेत त्यांना खूप लहान मुलांबरोबर बसावं लागलं. तरी त्या माहिती तंत्रज्ञान शिकल्या आणि २००५ मध्ये त्यांचं आत्मकथन आलं. माजी कुमारीशी लग्न करणारा लवकर मरतो, ही समजूतही या मुलींच्या वाट्याला येते. २००८ मध्ये नेपाळच्या सर्वोच्च न्यायालयाने कुमारीलाही शिक्षणाचा आणि बालपणाचा हक्क आहे, असं सांगितलं.

आपल्याकडे असं नाही, म्हणून सुटकेचा श्वास टाकू नका. पुण्यापासून हाकेच्या अंतरावर जेजुरी. नवस फेडायला तिथे लहान मुली खंडोबाला वाहिल्या जात. भंडारा उधळून देवाशी लग्न लागे, गळ्यात कवड्यांची माळ पडे आणि पोर मुरळी होई. ती देवी नव्हे, देवाची बायको. जागरणात वाघ्याबरोबर गाताना तिला मान, आणि जागरण संपलं की? माणसाशी लग्न करण्याची तिला वाट नाही. यातल्या बऱ्याच मुली गरीब, दलित घरांतल्या. देवाच्या नावाखाली त्यांचं शोषण होई, आणि मग समाज त्यांनाच नावं ठेवी.

याविरुद्ध आवाज पुण्यातूनच उठला. पुढे १९२९ मध्ये पर्वती मंदिर सत्याग्रहात पुढे असलेले शिवराम जानबा कांबळे यांनी १९०८ मध्ये ‘सोमवंशीय मित्र’ हे पत्र सुरू केलं. त्यातून त्यांनी मुली वाहू नका, असं आईबापांना सांगितलं आणि मुरळ्यांनाही लग्न करून संसार थाटण्याचं आवाहन केलं. शिवूबाई नावाच्या मुरळीने त्या पत्रात उत्तर लिहिलं, आपली व्यथा मांडली, लग्नाची तयारी दाखवली. चळवळीतल्याच एका कार्यकर्त्याने तिच्याशी लग्न केलं. शंभराहून अधिक वर्षांपूर्वी, ज्या बाईला कुणी काही विचारत नव्हतं, तिने छापील कागदावर स्वतःबद्दल स्वतः सांगितलं!

मग १९३४ मध्ये मुंबई प्रांताच्या कायद्याने देवाला वाहिलेल्या स्त्रीचं लग्न वैध ठरवलं. महाराष्ट्राने २००५ चा देवदासी प्रथा निर्मूलन कायदा केला. कायदा मुलगी वाहणाऱ्याला शिक्षा करतो. वाहिलेल्या मुलीला शाळा, काम आणि घर मात्र आजूबाजूच्या माणसांनीच मिळवून द्यावं लागतं.

तेव्हा यंदा कुमारिका बोलवाल, तेव्हा पाय धुताना तिला एवढं जरूर विचारा: बाळ, कितवीत आहेस? आणि शाळा सुटली असेल, तर दक्षिणेवर थांबू नका.