‘व्हर्टिगो’ : रंग फिके पडले, तर अभिनयही फिका

आल्फ्रेड हिचकॉक दिग्दर्शित ‘व्हर्टिगो’ (१९५८) हा मानसशास्त्रीय थरारपटांचा मानदंड मानला जातो. प्रदर्शनाच्या वेळी त्याचे स्वागत संमिश्रच झाले; मात्र २०१२ मध्ये ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश नियतकालिकाच्या कौलात समीक्षकांनी त्याला सर्वश्रेष्ठ चित्रपट ठरवले.

कथानक सॅन फ्रान्सिस्कोत घडते. उंचीच्या भयगंडामुळे पोलीस खात्यातून बाहेर पडलेला स्कॉटी मित्राच्या पत्नीवर, मॅडेलिनवर पाळत ठेवता ठेवता तिच्यात गुंततो. तिच्या मृत्यूनंतर भेटलेल्या जूडीला तो हट्टाने मॅडेलिनचे रूप देऊ पाहतो.

मॅडेलिन आणि जूडी या दोन्ही भूमिका किम नोवाक यांच्या आहेत. एकीचा हळुवार स्वर व संयत वावर आणि दुसरीचे मोकळे, काहीसे रांगडे बोलणे यांतील अंतर त्यांनी नेमके दाखवले. जेम्स स्टुअर्ट यांनी आपल्या सज्जन नायकाच्या प्रतिमेलाच तडा देत स्कॉटीचा ध्यास अस्वस्थ करणारा केला.

छायालेखक रॉबर्ट बर्क्स यांनी चित्रीकरणासाठी व्हिस्टाव्हिजन तंत्र वापरले. यात ३५ मिलिमीटर फिल्म कॅमेऱ्यातून आडवी सरकते. त्यामुळे प्रत्येक चौकटीला नेहमीच्या दुपटीहून अधिक जागा मिळते आणि प्रतिमा तपशीलवार उमटते.

ही सुस्पष्टता केवळ देखणेपणासाठी नाही. मॅडेलिन प्रथम दिसते ती हिरवे वस्त्र पांघरलेली. तिची मोटारही हिरवी. पुढे मॅडेलिनचे रूप घेतलेली जूडी हॉटेलच्या खोलीत येते, तेव्हा निऑन पाटीचा हिरवा प्रकाश तिच्यावर पडलेला असतो. या प्रसंगात संवाद जवळजवळ नाहीत. तिच्या डोळ्यांतील आर्जव आणि त्याच्या चेहऱ्यावरील अविश्वास हेच सारे सांगतात. हिरवा रंग विटला, तर हा धागा तुटतो.

तसा धोका निर्माण झालाही होता. मूळ निगेटिव्हचे रंग कालांतराने उडाले. रॉबर्ट हॅरिस व जेम्स कॅट्झ यांनी परिश्रमपूर्वक त्याचे पुनरुज्जीवन केले आणि १९९६ मध्ये ७० मिलिमीटरची नवी प्रत पडद्यावर आली. नव्याने ध्वनिमुद्रित केलेल्या पार्श्वध्वनींवर टीका झाली. प्रतिमेचे मात्र कौतुक झाले.

म्हणूनच हा चित्रपट पाहताना प्रतीची निवड महत्त्वाची ठरते. निकृष्ट, फिकट प्रतीत कथा समजते. नोवाक आणि स्टुअर्ट यांच्या अभिनयातील बारकावे मात्र हातचे निसटतात.