ठाण्यातील आंबोळी: रात्रभर आंबणाऱ्या पिठाचा इतिहास

आंबोळी म्हणजे तांदूळ व उडदाची डाळ भिजवून, वाटून, ते वाटण रात्रभर आंबू देऊन सकाळी बिडाच्या तव्यावर घातलेले जाड, जाळीदार धिरडे. घावन मात्र तांदळाच्या पिठात पाणी आणि मीठ कालवून तिथल्या तिथे काढले जाते. ठाण्याच्या जुन्या वस्तीत, म्हणजे टेंभी नाका, जांभळी नाका आणि चरईच्या परिसरात, या आंबवणाच्या निरनिराळ्या रीती शेजारी शेजारी नांदल्या, आणि त्यांच्या इतिहासात चवीपेक्षा आंबवण्याचे साधन कोणाच्या हाती होते हा प्रश्न अधिक महत्त्वाचा ठरतो.

जुन्या ग्रंथांत अशा पदार्थांची नावे लवकर सापडतात. कल्याणीच्या चालुक्यांपैकी तिसऱ्या सोमेश्वराच्या बाराव्या शतकातील ‘मानसोल्लास’ या ग्रंथात इडरिका (इडली) आणि धोसक (डोसा) यांचा उल्लेख आहे (ही कल्याणी म्हणजे बसवकल्याण, ठाण्याशेजारच्या कल्याणशी तिचा संबंध नाही), परंतु इडरिकेच्या कृतीत पीठ रात्रभर आंबवण्याची पायरी आढळत नाही.

ठाण्यात 1737 पर्यंत पोर्तुगीजांची सत्ता होती, आणि त्या काळापासून येथे असलेल्या ईस्ट इंडियन म्हणजे मराठी बोलणाऱ्या स्थानिक ख्रिस्ती समाजात आंबवणाचे साधन डाळ नसून ताडी हे होते. ताजी ताडी स्वतःच आंबत असल्याने ती पिठात घातली की पीठ फुलते, आणि त्यापासून लग्नकार्यातले तळलेले फुगे व वाफवलेली सांदणे तयार होत. ताडी मात्र सरकारी कराची वस्तू होती. 1878 च्या मुंबई अबकारी कायद्यानंतर ताडीच्या झाडांवरील कराचा बोजा वाढला, 1949 च्या दारूबंदी कायद्याने उरलीसुरली मोकळीक संपवली, आणि स्वयंपाकघरात ताडीची जागा यीस्टने घेतली. घरातल्या डब्यातला उडीद कोणत्याही अबकारी खात्याच्या वहीत येत नव्हता, हे आंबोळीचे भाग्यच म्हणावे लागेल.

याच परिसरात आंबवणाला नकार देणारी परंपराही आहे. टेंभी नाक्यावर मुनिसुव्रत स्वामींचे मोठे जैन मंदिर असून आसपास जैन कुटुंबांची वस्ती आहे. रंग, वास व चव पालटलेल्या अन्नाला जैन आचारात ‘चलित रस’ म्हणतात आणि ते अभक्ष्य मानतात, त्यामुळे रात्रभर ठेवलेले पीठ कर्मठ घरात चालत नाही. शिवसेनेचे ठाण्यातील नेते आनंद दिघे यांनी 1978 मध्ये सुरू केलेल्या टेंभी नाक्याच्या नवरात्रोत्सवाच्या दिवसांत उपवासाच्या घरांत वरी व साबुदाण्याची धिरडी निघतात, पण तेथे उडीद वर्ज्य असल्याने पीठ फारसे फुगत नाही.

आज ठाण्यात जी आंबोळी ओळखली जाते ती मुख्यतः रत्नागिरी व सिंधुदुर्गातून आलेल्या कुटुंबांची. 16 एप्रिल 1853 रोजी बोरीबंदर ते ठाणे रेल्वे सुरू झाली आणि 1962 नंतर वागळे इस्टेट या औद्योगिक वसाहतीतील कारखाने उभे राहिले, तसे पहाटेची गाडी किंवा पाळी गाठणाऱ्यांची घरे वाढली. अशा घरांत संध्याकाळी वाटून ठेवलेले पीठ ही सोय होती. तीन वाट्या तांदळाला एक वाटी उडीद आणि चमचाभर मेथी भिजवतात, रगड्यावर किंवा पाट्यावर (हल्ली मिक्सरमध्ये) वाटतात, आणि पीठ वर येणार हे धरून मोठ्या पातेल्यात ठेवतात. सकाळी अर्धा कांदा तेलात बुडवून त्याने तवा पुसतात, मधोमध पीठ ओतून पळीने हलकेच पसरवतात आणि वर झाकण ठेवतात; सोबतीला काळ्या वाटाण्याची उसळ असते. 1965 च्या एका प्रसिद्ध संशोधनात, आंबोळीसारख्याच तांदूळ-उडदाच्या इडलीचे पीठ फुलवण्याचे काम मुख्यत्वे ल्युकोनोस्टॉक मेसेंटेरॉइडीस या जिवाणूकडे असल्याचे दिसले, आणि त्याने सोडलेला वायू धरून ठेवण्याचे काम उडदातील चिकट द्रव्य करते. ठाण्याच्या दमट उन्हाळ्यात सहा-सात तास पुरतात. थंडीत तेच पातेले उबेला ठेवावे लागते.

अलीकडे आंबोळीत ओट्सही येऊ लागले आहेत. ओट्सचे आंबवलेले धिरडे ब्रिटनमध्येही आहे, आणि तेथील स्टॅफर्डशायरच्या मातीकाम करणाऱ्या गावांत यीस्ट घातलेल्या ओटपिठाचे पातळ धिरडे घराच्या खिडकीतून विकले जाई. भारतातून परतलेल्या सैनिकांनी चपातीवरून ते बेतले, अशी एक कथा तेथे सांगतात. पण उत्तर इंग्लंडच्या डोंगराळ भागात ओटाची भाकरी त्याहून जुनी असल्याने ती कथा ग्राह्य धरण्याचे कारण दिसत नाही. ठाण्याच्या दुकानांत ओट्स आले ते मधुमेह व कोलेस्टेरॉलच्या चर्चेसोबत, आणि आंबोळीत ते तांदळाच्या जागी बसले. चपटे ओट्स कारखान्यातच वाफवलेले असतात, म्हणून आंबवण्याची जबाबदारी उडदावरच राहते. शिवाय ओट्स रात्रीच मिसळल्यास त्यातील बीटा-ग्लुकान हा तंतुमय घटक पाण्यात सुटून पीठ बुळबुळीत होते व तव्याला धरते, त्यामुळे भाजून कुटलेले ओट्स सकाळी मिसळणे सोयीचे पडते. उडीद अजिबात वगळला तर रात्रभर ठेवूनही हाती येते ते आंबूस, चपटे घावनच.