अदनचा कागद

यवतमाळपासून समुद्र फार लांब. तरी ही गोष्ट माझ्या घरापासूनच सुरू होते. अरबी अक्षरांचा कागद जमिनीवर दिसला की अम्मी तो उचलून डोळ्यांना लावी, कोनाड्यात ठेवी. यहुद्यांचीही हीच रीत. जुन्या कैरोतील बेन एज्रा प्रार्थनागृहाच्या खोलीत असे कागद शतकानुशतके साठले. प्रार्थनांच्या कागदांत व्यापाऱ्यांची पत्रेही होती. १८९६-९७ साली सॉलोमन शेक्टर यांनी त्यांतला मोठा साठा केंब्रिजला नेला.

त्या पत्रांत आपला पश्चिम किनाराही आहे. ट्युनिशियातील महदियाचा अब्राहम बेन यिजू ११३२च्या सुमारास मंगळुरात होता, ११४९ साली परतला. तो अदनला मिरी, सुपारी, लोखंड धाडी. काशाची भांडी घडवणारा कारखानाही चालवी. पत्रांची भाषा अरबी, लिपी हिब्रू! अदनहून त्याला साखर, मनुका येत, आणि कोरा कागद. इथे लिहिणे ताडपत्रावर, कागद दुर्मीळ. म्हणून आलेल्या पत्राच्या पाठीवर तो हिशेब मांडी, उरल्या जागेत स्वतःच्या कविता लिही. कवी म्हणून मला तो इथे फार जवळचा वाटतो.

त्याचा गुलाम बामा मालाच्या कामासाठी अदनला जाई. तिथले व्यापारी पत्रांतून त्याला सलाम धाडत, आणि तो दारूवर पैसे उडवतो अशी तक्रारही करत. ११३२ साली बेन यिजूने आशू या दासीला मुक्त केले. तीच पुढे त्याची पत्नी झाली, असे अभ्यासक मानतात. मुक्तीचा तो कागद टिकला. आशूच्या हातचे मात्र एकही अक्षर त्या साठ्यात नाही.