वळवणचं पाणी कुणाचं?

आमच्या कार्ल्याला येणारी मंडळी लेणी बघतात, एकवीरेला नमस्कार करतात आणि उतरतात. मी मात्र त्यांना वरून दिसणारं इंद्रायणीचं खोरं दाखवतो. कारण या खोऱ्याची एक गंमत आहे.

इथला पाऊस मुळात पूर्वेला जाणारा. इंद्रायणीतून देहू-आळंदी, भीमेतून पंढरपूर, पुढे कृष्णेतून थेट बंगालचा उपसागर. पण १९१० मध्ये टाटांची जलविद्युत कंपनी निघाली. लोणावळा, वळवण, शिरवता इथे तलाव झाले. घाटावरचं पाणी नळांतून सुमारे ५०० मीटर खाली खोपोलीला उतरवलं आणि १९१५ मध्ये मुंबईच्या गिरण्यांना वीज मिळू लागली. वीज झाली की तेच पाणी पाताळगंगेतून अरबी समुद्राकडे! सह्याद्रीने ठरवलेली दिशा माणसाने बदलली.

धरणाची भिंत माशांचीही वाट अडवते. महसीर वाहत्या पाण्यात, दगडगोट्यांत अंडी घालतो. १९७०च्या दशकापासून वळवणला त्याची पिल्लं हौदांत वाढवून नद्यांत सोडण्याचं काम चालू आहे. छान काम आहे, पण हौद म्हणजे नदी नव्हे.

दुष्काळी भागातून मागणी होते, हे पाणी पुन्हा भीमेकडे वळवा. मलाही ते पटतं. पण पाताळगंगेकाठची गावं आणि कारखाने आज याच पाण्यावर जगतात, त्यांना काय सांगायचं? नदी एकदा वळवली की नुसता नकाशा बदलत नाही, हक्कदारही वाढतात.

तुम्हाला काय वाटतं?